दगडावर कोरायचं वाक्य

माझ्या मुलाला, लुमीरला, मी चांगलं वळण लावलं असं गावात सगळे म्हणतात. या सगळ्यांना एकदा घरी बोलावून मला विचारायचं आहे, की बापाच्या मरणाची चिठ्ठी आईला न दाखवता छापून आणणारा मुलगा कोणत्या वळणाचा?

काळ्या कडेची ती चिठ्ठी दुकानाच्या काचेवर लागते, चर्चच्या दारावर लागते, बसथांब्यावर लागते. वर एखादी ओळ असते, कवितेतली नाहीतर बायबलातली. खाली मेलेल्याचं नाव, त्याखाली मागे राहिलेल्यांची. ती लागल्याशिवाय आमच्याकडे माणूस मेला असं कुणी धरत नाही. लुमीरने ती यिह्लावा शहरात छापली, गावभर चिकटवली, आणि मला कळलं कधी, तर मी यीस्ट आणायला दुकानात गेले तेव्हा. गल्ल्यावर यार्मिला होती. मला बघून ती डोळे पुसायला लागली आणि त्याच तोंडाने हसायलाही.

"कासालोवाकाकू, काय सुरेख सुचलं हो तुम्हाला! मला रडू पण आलं, हसू पण आलं."

"कशाचं?"

"अहो, चिठ्ठी! बाहेर काचेवर लावलीय ना."

मी बाहेर गेले. पाचवीनंतर मी शाळेत गेले नाही, बदकं राखली. त्यामुळे मी बोट ठेवून वाचते. वर लिहिलं होतं: आधी क्नेडलीक बाहेर काढू दे. क्नेडलीक कुणासाठी थांबत नाही. त्याखाली: वेन्देलीन कासाल, लेखक. त्याखाली माझं नाव, दुःखी पत्नी म्हणून.

मी परत आत गेले, यीस्ट घेतलं आणि घरी आले. पीठ भिजवलं. संध्याकाळी लुमीर आला तेव्हा ते फुगून वर आलं होतं.

"वाचलंस का, आई?" तो म्हणाला. "बाबांना आवडलं असतं. आणि ऐक, दगडावरही तेच घालायचं. सोनेरी अक्षरांत. नगराध्यक्षांशी बोललोय मी."

"दगडावर आधीच नाव आहे एक," मी म्हटलं.

"ब्लाझेन्काचं? ते राहील की. तिच्या वर जागा आहे भरपूर."

ब्लाझेन्का माझी मुलगी. लुमीरच्या आधीची. त्याने तिला पाहिलेली नाही. त्याला ती दगडावरच्या चिनीमातीच्या गोल फोटोतून माहीत आहे. दोन वेण्या आणि अजून न पडलेला पुढचा दुधाचा दात.

आता हे वाक्य आमच्या देशात कुणाला सांगावं लागत नाही. सिनेमाचं नाव मी घेत नाही. 'क्नेडलीकवाला' म्हटलं की शेंबड्या पोरालाही कळतं. दर नाताळात टीव्हीवर लागतो. सहकारी शेतीची भोजनशाळा, आणि तिथे कपाळावर रुमालाची गाठ मारलेली एक जाडी स्वैपाकीण. कचेरीला आग लागलीय म्हणून बंबवाला धापा टाकत आत येतो. ती त्याच्याकडे बघतही नाही. म्हणते, आधी क्नेडलीक बाहेर काढू दे. मग उकळत्या पाण्यातून पिठाचा एकेक लांबट गोळा काढते, काट्याने टोचते, दोऱ्याने काप पाडते. इकडे काप पाडून होतात, तिकडे कचेरीचा कोळसा. शेवटी भुवया जळालेले अध्यक्ष येऊन बसतात आणि रस्सा जास्त मागतात. लोक हसून लोळतात.

तेव्हापासून सगळा देश ते म्हणतो. दातांच्या डॉक्टरने माझं तोंड उघडं असताना म्हटलंय. सरकार पडत होतं तेव्हा एका मंत्र्याने टीव्हीवर म्हटलं. पोस्टात एका पोराने मला म्हटलं, आणि मी हसले नाही म्हणून वर समजावलं, "आजी, ते सिनेमातलं आहे."

ते सिनेमातलं नाही. माझं आहे.

वेन्देलीन शाळामास्तर होता, मग लेखक झाला. तीन पुस्तकं आली. मी लग्न केलं मास्तरशी, पुस्तकांशी नाही, त्यामुळे मी ती वाचली नाहीत. मग रशियन रणगाडे आले. त्यांना आपणच मदतीला बोलावलं होतं असं सगळ्यांना सांगायला लावलं. वेन्देलीन ते काही म्हणेना. शाळा गेली, पुस्तकं वाचनालयांतून उचलली, आणि तो शेतात चाकांवरच्या लाकडी खोलीत बसून विहिरीच्या पंपाचं पाणी मोजायला लागला. मी भोजनशाळेत होते. घर माझ्यावर चालायचं. तक्रार नाही, सांगतेय.

पुढच्या उन्हाळ्यात, ऐन कापणीत, ब्लाझेन्काच्या पोटात दुखायला लागलं. जिल्ह्याच्या दवाखान्यात नेलं. अपेंडिक्स आहे, किरकोळ आहे, म्हणाले. तिच्याजवळ वेन्देलीन बसला, कारण पंप एक दिवस त्याच्याशिवाय चालत होता. ऐंशी माणसांचं जेवण माझ्याशिवाय चालत नव्हतं.

दुपारच्या बसने तो परत आला. भोजनशाळेच्या दारात उभा राहिला आणि त्याने टोपी काढली. वेन्देलीन कधी कुणापुढे टोपी काढणारा नव्हता.

"अल्बीना," तो म्हणाला.

मी म्हटलं, "आधी क्नेडलीक बाहेर काढू दे. क्नेडलीक कुणासाठी थांबत नाही."

खरंच थांबत नाही. पाण्यात जास्त राहिला तर चिकट होतो, आणि बाहेर काढल्याबरोबर टोचला नाही तर वाफ आत राहून बसतो. मी काढले, टोचले, दोऱ्याने कापले. सगळे काप सारखे आले. मग हात पुसले आणि म्हटलं, "आता सांग." त्याने सांगितलं. त्याचं तोंड बघूनच मला कळलं होतं; सांगितल्यावर नवीन कळायचं असं काही उरलं नव्हतं. कापणीवाले आले, जेवले. मी वाढलं. कुणी म्हणेल, ही कसली आई. म्हणो. मी त्यात काही वाईट केलं असं मला तेव्हा वाटलं नाही, आजही वाटत नाही. मला तेव्हा काहीच वाटत नव्हतं. ते अजून तसंच आहे.

त्यावर आम्ही दोघं कधी बोललो नाही. लुमीर झाला. दहा वर्षं गेली. मग प्रागहून एक दिग्दर्शक आला, वेन्देलीनचा जुना दोस्त. म्हणाला, पुस्तक छापून देता येणार नाही, पण लोकांना हसवणारं काही लिही, नाव बारीक अक्षरांत घालू. वेन्देलीन हिवाळाभर टाइपरायटरवर बसला. मी विचारलं नाही काय लिहितोस. आमच्या घरात विचारायची पद्धत नव्हती.

सिनेमा आमच्या गावच्या सभागृहात लागला तेव्हा आम्हाला तिसऱ्या रांगेत बसवलं. त्या नटीने, हेदविका रौशोवाने, रुमाल माझ्यासारखा बांधला होता. हात पुसायची पद्धतही माझी. दारात बंबवाला आला आणि मला कळलं ती काय म्हणणार. ती म्हणाली. सगळं सभागृह हसलं, माझ्या भोजनशाळेतल्या बायका तर खुर्च्यांवर हात आपटत होत्या. वेन्देलीन गुडघ्यांवर हात ठेवून पुढे बघत होता. घरी येताना तो म्हणाला, "रस्ता निसरडा आहे, जपून."

"दिसतंय मला," मी म्हटलं.

संपलं. त्यानंतर ते वाक्य गावभर झालं, मग देशभर. दर नाताळात तो प्रसंग यायचा तेव्हा मी भांडी घासायला उठायचे. लुमीर बाहेरून ओरडायचा, "आई, ये ना, तुझी स्वैपाकीण आली!" त्याला वाटायचं मी भोजनशाळेतली म्हणून मला गंमत वाटेल.

राज्य बदललं तेव्हा वेन्देलीनची पुस्तकं नव्या रंगीत कव्हरांत आली. त्याला पदक मिळालं. पुस्तकं काही कुणी वाचली नाहीत; जो येई तो क्नेडलीकचंच बोले. एकदा विद्यापीठातला एक पोरगा आमच्या टेबलाशी बसून विचारायला लागला, "कासालसाहेब, ते अजरामर वाक्य तुम्हाला सुचलं कसं?" मी तेव्हा केक ठेवत होते.

वेन्देलीन खिडकीबाहेर बघत म्हणाला, "सुचलं नाही. ऐकलं कुठेतरी."

मी केक ठेवला आणि आत गेले. म्हातारपणी कधी कधी म्हणायचा, "इतकी पानं लिहिली, अल्बीना, आणि उरला एक क्नेडलीक." मी म्हणायचे, "जेवायला बस." वाईट नवरा नव्हता. प्यायचा नाही, लाकडं फोडायचा. फेब्रुवारीत झोपेत गेला.

तर चिठ्ठी लागली आणि लोक आले. थडग्याशी बँड वाजला, मग पुढारी बोलला, मग सगळे खानावळीत. प्रेतामागून येणाऱ्यांना जेवू घालावं लागतं. लुमीरने क्रीमच्या रश्शातलं मांस सांगितलं होतं आणि अर्थात त्याबरोबर क्नेडलीक. बाजारचे. मध्ये बसलेले. मी खाल्ले.

हेदविका रौशोवा प्रागहून आली होती. पूर्वीची जाडी आता काडी झालीय, काठी घेऊन चालते. नगराध्यक्ष ग्लास घेऊन उठले.

"रौशोवाबाई, आज नाही म्हणायचं नाही! वेन्देलीनसाठी!"

"अहो नको, प्रेत आत्ताच पुरलंय," ती म्हणाली.

"प्रेतच तर म्हणतंय! चिठ्ठीवर बघा, स्वतः म्हणतंय!"

"म्हणा, म्हणा!" लुमीर ओरडला. माझाच मुलगा. डोळ्यांत पाणी, हातात बिअर.

तिने टेबलावरचा रुमाल घेऊन डोक्याला बांधला, गाठ कपाळावर आणली आणि म्हटलं. खानावळ कोसळली. बँडवाल्यांनी टेबलं बडवली. यार्मिला माझ्या खांद्यावर डोकं ठेवून हसत होती, तिचे केस माझ्या तोंडात जात होते. मी रस्सा पुसून घेतला. रस्सा बरा होता.

मग हेदविका माझ्या शेजारी येऊन बसली. रुमाल काढून तिने घडी केली, अगदी नीट.

"रागावलात का, बाई?"

"मी कशाला रागावू? पोट भरतंय तुमचं त्यावर."

"भरतंय खरं," ती म्हणाली. "मी शंभर भूमिका केल्या. भाजीवाला मला एवढंच म्हणायला लावतो." मग म्हणाली, "तुम्हाला ठाऊक आहे का, तुमचे यजमान शूटिंगला एकदाच आले होते. त्याच दिवशी. दिग्दर्शकाला हवं होतं मी डोळे फिरवावेत, कमरेवर हात ठेवावा. तुमचे यजमान म्हणाले, नाही. काही करायचं नाही. काही ऐकलंच नाही अशा तोंडाने म्हणायचं. मला जमेना. पुन्हा पुन्हा करायला लावलं त्यांनी. शेवटी जमलं तसे ते बाहेर गेले आणि आत आलेच नाहीत. जेवायलासुद्धा नाही. मला वाटलं, माझं काम आवडलं नसेल."

"आवडलं असेल," मी म्हटलं.

"कुणाला बघून लिहिलं होतं हो त्यांनी?"

"असेल कुणी स्वैपाकीण."

ती माझ्या हातांकडे बघत राहिली. नटी असली तरी मूर्ख नाही. पण पुढे काही विचारलं नाही तिने, आणि तेवढ्यासाठी मी तिला जाताना घरचा केक बांधून दिला.

ईस्टर झाल्यावर लुमीर दगडाचं चित्र घेऊन आला. तो येणारच होता. थडग्याची जागा गावाकडून माझ्या नावावर घेतलेली आहे, माझ्या होकाराशिवाय पाथरवट छिन्नी लावू शकत नाही. मी कॉफी केली. त्याने चित्र टेबलावर पसरलं. वर वेन्देलीनचं नाव, मग ते वाक्य सोनेरी, त्याभोवती कोरलेला दोरा, आणि खाली ब्लाझेन्काचा फोटो. वाक्य बरोबर तिच्या डोक्यावर येत होतं.

"कसं वाटतं?"

"वाक्य नको."

"आई."

"नावं घाल, साल घाल. वाक्य नको."

"अगं, लोक लांबून येतील! नगराध्यक्ष पायवाट करणार आहेत, पाटी लावणार आहेत. टीव्हीवाली बाई तासाभराचा कार्यक्रम करतेय बाबांवर, शेवट तिथेच घेणार म्हणते. आणि तू म्हणतेस साल घाल!"

"हो."

"तुला त्या सिनेमाचा रागच आहे पहिल्यापासून. लोक बोलतात, माहितीय? म्हणतात, बाबा मोठे झाले ते अल्बीनाला कधी बघवलं नाही."

"कोण म्हणतं?"

"म्हणतात."

"यार्मिला म्हणते. तिला सांग, तिच्या नवऱ्याचं मोठं होणं मला बघायचंय, कधी होणार ते कळव."

तो हसला नाही. चित्रावर हात ठेवून म्हणाला, "एक कारण दे. एक. पटलं तर मी पाथरवटाला आत्ता फोन करून सांगतो."

मी त्याच्याकडे बघितलं. पन्नाशीला आलाय, केस गेलेत. तो मान घालून चित्राच्या कडा सरळ करत बसला होता. मला वाटलं, हा ब्लाझेन्काचा भाऊ आहे, याला कळलेलं चालेल. दुसऱ्या कुणाला सांगायचं म्हटलं तर कुणी उरलेलंही नाही.

सांगितलं. दवाखाना, बस, टोपी. मी काय म्हटलं ते. काप पाडले ते. फार वेळ लागला नाही. एवढं लहान आहे ते सगळं.

लुमीरचं तोंड पांढरं पडलं. "तू?" तो म्हणाला. "ते तू...?" मग त्याने माझा हात धरला आणि रडायला लागला, लहानपणी रडायचा तसा नाक ओढत. त्याने चित्राची गुंडाळी केली. मी त्याला रुमाल दिला. मला वाटलं, झालं. दगडाचं मिटलं. माझ्या छातीत काहीतरी हललं, कित्येक वर्षांत हललं नव्हतं असं काहीतरी. मी त्याच्या डोक्यावरून हात फिरवायला उचलला होता.

"आई," तो नाक पुसत म्हणाला, "हे सिनेमापेक्षा मोठं आहे."

"काय?"

"हे कुणालाच माहीत नाही! सगळा देश हसतोय आणि त्याच्या मागे हे आहे! अगं, बाबा किती मोठे लेखक होते हे आत्ता कळेल लोकांना. तू फक्त हेच सांगायचं, अस्संच, या टेबलाशी बसून. रुमाल बांधून. टीव्हीवाली वेडी होईल." त्याने फोन काढला. डोळे अजून ओले होते त्याचे. "आणि दगडावर वाक्य हवंच मग. आता तर हवंच! त्याखाली तुझं नाव घालू. आई, तू म्हटलंस म्हणून. थांब, ती आत्ता उचलेल."

कॉफीवर अजून वाफ होती.

माझ्या छातीत जे हललं होतं ते परत जागेवर बसलं. मी त्याच्या हातातून फोन घेतला आणि टेबलावर पालथा ठेवला. गुंडाळलेलं चित्र उचललं, चुलीचं दार उघडलं आणि आत घातलं. ते चांगल्या जाड कागदाचं होतं, सावकाश पेटलं.

"उठ," मी म्हटलं. "पाथरवटाला मी स्वतः सांगेन. दोन नावं, दोन सालं, पुढे माझं. टीव्हीवालीला काही कळलं, तर इतकी वर्षं मी गप्प होते तशीच तिच्यासमोर बसेन, आणि लोक तुला खोटारडा म्हणतील. आता माझं ऐक, लुमीर, एकदाच सांगते. तुझ्या बापाने माझ्या तोंडचं चोरलं. पण चोरी करून तो चोरासारखा राहिला, मरेपर्यंत माझ्यापुढे मान वर केली नाही त्याने, आणि म्हणून मी त्याच्या शेजारी पडायला तयार आहे. तू चोरसुद्धा नाहीस. तू दलाल आहेस."